जुनं डिझाइन सॉफ्टवेअर नव्या ऑपरेटिंग सिस्टीमवर ॲक्टिव्हेट का होत नाही?

पैसे मोजून घेतलेलं सॉफ्टवेअर, जपून ठेवलेला सिरीयल नंबर, अजून नीट चालणारी डिस्क. सगळं हाताशी असतं आणि नव्या ऑपरेटिंग सिस्टीमवर इन्स्टॉल केल्यावर पडद्यावर येतं: ‘ॲक्टिव्हेशन होऊ शकलं नाही, इंटरनेट कनेक्शन तपासा.’ इंटरनेट तर चालू असतं. ब्राउझर उघडतो, मेल येतात. मग बहुतेक जण सुचेल ते पहिलं करून मोकळे होतात, म्हणजे सॉफ्टवेअर काढून टाकतात आणि पुन्हा इन्स्टॉल करतात.

तसं लगेच करू नका, ही पहिली विनंती. पुन्हा इन्स्टॉल केल्याने कधीकधी काम होतं, पण पुष्कळदा नुकसानच होतं. ॲक्टिव्हेशनची एक संधी वाया जाते. कंपनीचा सर्व्हर बंद झालेला असेल, तर कॉम्प्युटरवर शिल्लक असलेली लायसन्सची शेवटची नोंदही पुसली जाते आणि ती परत मिळवायला कुठलाच रस्ता उरत नाही. ॲक्टिव्हेशन म्हणजे चार दुव्यांची साखळी आहे. कोणता दुवा तुटलाय हे आधी शोधायचं आणि मगच हात लावायचा.

ॲक्टिव्हेशनमध्ये नेमकं काय होतं

सिरीयल नंबर बरोबर आहे की नाही, हे तपासणं आणि ॲक्टिव्हेशन या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. सिरीयल नंबरची पडताळणी बहुतेक जुन्या प्रोग्रॅममध्ये कॉम्प्युटरवरच होते. ती निव्वळ आकडेमोड असते, इंटरनेट लागत नाही. म्हणून नंबर टाकल्यावर हिरवी खूण दिसते आणि लोकांना वाटतं की झालं.

खरं काम त्यानंतर सुरू होतं. प्रोग्रॅम तुमच्या कॉम्प्युटरची ओळख तयार करतो. त्यासाठी डिस्कचा क्रमांक, नेटवर्क कार्डचा पत्ता, मदरबोर्डची माहिती असं काय काय एकत्र केलं जातं. ही ओळख आणि सिरीयल नंबर कंपनीच्या सर्व्हरकडे जातो. हा नंबर आतापर्यंत किती कॉम्प्युटरांवर वापरलाय हे सर्व्हर मोजतो आणि मर्यादेत असेल तर डिजिटल सही केलेलं उत्तर पाठवतो. ते उत्तर प्रोग्रॅम कॉम्प्युटरवर एका लपवलेल्या जागी साठवतो. त्यानंतर दर वेळी सुरू होताना तो फक्त ही साठवलेली नोंद वाचतो, ती याच कॉम्प्युटरची आहे का ते ताडून पाहतो आणि उघडतो.

म्हणजे चार दुवे झाले. पहिला दुवा प्रोग्रॅम स्वतः. दुसरा, ती लपवलेली नोंद. तिसरा, या दोघांना सांभाळणारी ऑपरेटिंग सिस्टीम. आणि चौथा, दूरवरचा सर्व्हर. फोटोशॉपला ही पद्धत विंडोजवर २००३ च्या सीएस (क्रिएटिव्ह स्वीट) आवृत्तीपासून आणि मॅकवर २००५ च्या सीएस२ पासून आली. तेव्हा कोणीही असा विचार केला नव्हता की पंधरा-वीस वर्षांनी यातले तीन दुवे बदललेले असतील आणि प्रोग्रॅम तेवढा होता तसाच असेल.

एररमधला मजकूर दिशाभूल करतो तो याच कारणाने. २००७ मध्ये लिहिलेल्या प्रोग्रॅमला २०२१ मधली कारणं माहीत असणं शक्यच नाही. त्याच्याकडे मोजकी वाक्यं आहेत. अनोळखी काही घडलं की तो त्यातलंच एखादं पुढे करतो. त्यामुळे एररमध्ये काय लिहिलंय यापेक्षा ती कधी येते हे जास्त उपयोगाचं. इन्स्टॉलर किंवा प्रोग्रॅम उघडायच्या आधीच आली, तर ऑपरेटिंग सिस्टीम अडवते आहे. प्रोग्रॅम उघडता उघडता आली, तर लपवलेल्या नोंदीत बिघाड आहे. ‘ॲक्टिव्हेट’चं बटण दाबल्यावर आली, तर सर्व्हरपर्यंतच्या वाटेत काहीतरी अडलंय. नंबर वापरून संपलाय किंवा अमान्य आहे असं ठणकावून सांगितलं, तर सर्व्हर भेटलाय आणि त्याने नकार दिलाय. ही शेवटची अवस्था त्यातल्या त्यात चांगली, कारण तिथे माणसाशी बोलून काम होऊ शकतं.

बटण दाबल्यावर येणारी एरर

सर्वांत आधी हे पाहायचं की सर्व्हर अजून आहे का. फोटोशॉप बनवणाऱ्या ॲडोबीने सीएस२ चा ॲक्टिव्हेशन सर्व्हर बंद केला आणि ज्यांनी ते सॉफ्टवेअर विकत घेतलं होतं त्यांच्यासाठी ॲक्टिव्हेशनची गरजच नसलेली आवृत्ती वेगळ्या सिरीयल नंबरसह उपलब्ध करून दिली. जानेवारी २०१३ मध्ये ‘फोटोशॉप फुकट झालं’ अशी बातमी सगळीकडे पसरली. मग कंपनीला सांगावं लागलं की ही सोय फक्त आधीच्या ग्राहकांसाठी आहे. पुढे सीएस३ चा सर्व्हरही गेला. ऑटोकॅड बनवणाऱ्या ऑटोडेस्कनेही फार जुन्या आवृत्त्यांसाठी ॲक्टिव्हेशन कोड देणं थांबवलेलं आहे.

सीएस२ च्या वेळी जे झालं ते योग्य झालं, असं मला मनापासून वाटतं. ज्याने कायमचं लायसन्स विकत घेतलं, त्याचं सॉफ्टवेअर सर्व्हर बंद केल्यामुळे निकामी होत असेल, तर सर्व्हर बंद करण्याआधी कुलूप काढलेली प्रत देणं हे कंपनीचं कर्तव्य आहे. ती मेहेरबानी नव्हे. ॲडोबीने मे २०१३ मध्ये जाहीर केलं की क्रिएटिव्ह स्वीटच्या नव्या आवृत्त्या यापुढे निघणार नाहीत. ऑटोडेस्कने ३१ जानेवारी २०१६ नंतर बहुतेक सुट्या उत्पादनांची कायमची लायसन्स विकणं बंद केलं. त्याआधी विकलेली लायसन्स मात्र आजही लोकांच्या हातात आहेत आणि ती ‘कायमची’ म्हणूनच विकलेली होती.

सर्व्हर जिवंत असूनही प्रोग्रॅम त्याच्यापर्यंत पोहोचत नाही, हा प्रकार जास्त चकवणारा. इथे टीएलएस समजून घ्यावं लागतं. दोन कॉम्प्युटरांनी एकमेकांशी सुरक्षित कसं बोलायचं, याचे ते नियम. टीएलएस १.० आलं १९९९ मध्ये, १.१ आलं २००६ मध्ये, १.२ आलं २००८ मध्ये आणि १.३ आलं २०१८ मध्ये. पहिल्या दोन आवृत्त्यांत कच्चे दुवे सापडत गेले, म्हणून मार्च २०२१ मध्ये इंटरनेटची मानकं ठरवणाऱ्या आयईटीएफने त्या अधिकृतपणे मोडीत काढल्या. बहुतेक सर्व्हरांनी त्याच्याही आधीपासून जुन्या नियमांनी बोलणं सोडलं होतं. जुना प्रोग्रॅम मात्र टीएलएस १.० मध्येच हाक मारत राहतो. सर्व्हर उत्तर देत नाही आणि प्रोग्रॅम समजतो की इंटरनेटच नाही.

आता यातली एक बारीक गोष्ट बघा, कारण पुढचं सगळं तिच्यावर ठरतं. काही प्रोग्रॅम सुरक्षित बोलण्याचं काम ऑपरेटिंग सिस्टीमवर सोपवतात. त्यांना नव्या सिस्टीमचा फायदा आपोआप मिळतो. विंडोजमध्ये ‘इंटरनेट ऑप्शन्स’ उघडा, ‘ॲडव्हान्स्ड’ टॅबमध्ये खाली जा आणि टीएलएस १.२ समोर खूण आहे ना ते बघा. नसेल तर करा. विंडोज ७ वर एवढं पुरत नाही. तिथे मायक्रोसॉफ्टचा एक वेगळा अपडेट आणि रजिस्ट्रीतला, म्हणजे विंडोजच्या सेटिंगच्या नोंदवहीतला, बदल लागतो. पण काही प्रोग्रॅम हे काम करणारी लायब्ररी, म्हणजे तयार कोडचा संच, स्वतःबरोबरच घेऊन येतात. बऱ्याचदा ती ओपनएसएसएल असते. ओपनएसएसएलला टीएलएस १.२ येऊ लागलं ते २०१२ मध्ये आलेल्या १.०.१ आवृत्तीपासून. त्याआधीची लायब्ररी पोटात घेऊन आलेल्या प्रोग्रॅमला तुम्ही विंडोजमध्ये कितीही खुणा करा, काही फरक पडणार नाही. तिथे वेळ घालवू नका. सरळ ऑफलाइन ॲक्टिव्हेशनकडे वळा, त्याबद्दल पुढे सांगतो.

उलटा उपायही काही जण सुचवतात, की विंडोजमध्ये टीएलएस १.० पुन्हा चालू करा. पण ज्या सर्व्हरने ते बंद केलंय तो तुमच्या खुणेमुळे ते परत सुरू करणार नाही. हाती काही लागत नाही, वर कॉम्प्युटर उघडा पडतो.

प्रमाणपत्रांचीही अशीच गोष्ट. समोरचा सर्व्हर खरा आहे, याची खात्री देणाऱ्या मूळ प्रमाणपत्रांना मुदत असते. ॲडट्रस्टचं एक मूळ प्रमाणपत्र ३० मे २०२० ला संपलं. डीएसटी रूट सीए एक्स३ हे दुसरं प्रमाणपत्र ३० सप्टेंबर २०२१ ला संपलं. दोन्ही वेळा जगभर असंख्य जुनी उपकरणं आणि प्रोग्रॅम अचानक सर्व्हरवर अविश्वास दाखवू लागले. ऑपरेटिंग सिस्टीम आपली प्रमाणपत्रांची यादी ताजी ठेवते, पण स्वतःची यादी घेऊन फिरणारा जुना प्रोग्रॅम ठेवत नाही. त्यामुळे काल ॲक्टिव्हेट झालेलं आज होत नाही आणि मधे तुम्ही काहीच केलेलं नसतं.

कॉम्प्युटरची तारीख एकदा बघाच. मदरबोर्डवरची छोटी बॅटरी संपली की घड्याळ काही वर्षं मागे जातं आणि मग प्रत्येक प्रमाणपत्र ‘अजून सुरूच न झालेलं’ ठरतं. तारीख बरोबर केली की प्रश्न मिटतो. पण प्रमाणपत्राची मुदत चुकवायला तारीख मुद्दाम मागे नेण्याचा मोह टाळा. घड्याळ मागे फिरवलंय हे ओळखण्याची सोय अनेक लायसन्स व्यवस्थांमध्ये असते. ते ओळखलं गेलं की चालू असलेलं लायसन्ससुद्धा अडकून बसतं.

आणखी एक जागा आहे होस्ट्स फाइल. ही साधी टेक्स्ट फाइल कुठला पत्ता कुठे न्यायचा हे ठरवते. विंडोजमध्ये ती सिस्टीम३२ मधल्या ड्रायव्हर्स फोल्डरात, ‘ईटीसी’ नावाच्या उपफोल्डरात असते. मॅकमध्येही ती ‘ईटीसी’तच असते. कॉम्प्युटर आधी दुसऱ्या कोणाकडे असेल, किंवा कोणी कधीतरी सॉफ्टवेअरचं तोंड बंद करायला त्यात ओळी घातल्या असतील, तर कंपनीचा ॲक्टिव्हेशनचा पत्ता तिथेच अडवलेला असतो. नोटपॅड ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा, ती फाइल त्यात उघडा आणि कंपनीच्या नावाच्या ओळी असतील तर काढून टाका.

ॲक्टिव्हेशनची खिडकीच पांढरी फटक दिसते किंवा त्यात ‘स्क्रिप्ट एरर’ येते, असंही होतं. कारण बऱ्याच जुन्या प्रोग्रॅमची ती खिडकी म्हणजे आतून इंटरनेट एक्सप्लोररचं पान असते. विंडोज १० वरचा इंटरनेट एक्सप्लोरर १५ जून २०२२ ला निवृत्त झाला. त्याचं इंजिन विंडोजमध्ये अजून आहे, पण खिडकीतून मागवलेलं पान कंपनीने कधीच हलवलेलं किंवा बदललेलं असतं. इथेही वाट तीच, ऑफलाइन.

ऑफलाइन ॲक्टिव्हेशन म्हणजे प्रोग्रॅम आणि सर्व्हर यांच्यातला संवाद माणसाने हाताने पोहोचवायचा. प्रोग्रॅम एक रिक्वेस्ट कोड दाखवतो. तो तुम्ही दुसऱ्या कॉम्प्युटरवरून किंवा फोनवरून कंपनीच्या पानावर टाकायचा, किंवा सपोर्टला कळवायचा. बदल्यात मिळालेला कोड प्रोग्रॅममध्ये टाकायचा. यात प्रोग्रॅमला इंटरनेटशी बोलावंच लागत नाही, म्हणून टीएलएस, प्रमाणपत्रं, पांढरी खिडकी हे सगळं एका फटक्यात बाजूला होतं. मात्र कोड त्या कॉम्प्युटरपुरता आणि बऱ्याचदा ठरावीक मुदतीपुरता असतो, तेव्हा सगळी तयारी करूनच सुरुवात करा.

उघडता उघडता येणारी एरर

हा भाग फारसा कोणी समजावत नाही आणि विनाकारण पुन्हा इन्स्टॉल करणारे सर्वांत जास्त इथेच सापडतात.

ॲडोबी सीएस५ ते सीएस६ च्या काळातली ‘एरर १६’ घ्या. ती म्हणते, कॉन्फिगरेशन चुकलंय, सॉफ्टवेअर काढून पुन्हा टाका. खरं कारण बहुतेक वेळा एवढंच असतं की लायसन्सची नोंद ज्या फोल्डरात आहे तिथे प्रोग्रॅमला वाचायची किंवा लिहायची परवानगी नाही. ऑपरेटिंग सिस्टीम अपग्रेड होताना फोल्डरांच्या परवानग्या बदलतात आणि हे घडतं. विंडोजवर तीन फोल्डर बघायचे. ‘प्रोग्रॅम फाइल्स एक्स८६’मधल्या ‘कॉमन फाइल्स’मध्ये ॲडोबीच्या फोल्डरात ‘ॲडोबी पीसीडी’ आणि ‘एसएलकॅश’ हे दोन. तिसरा ‘एसएलस्टोअर’, तो ‘प्रोग्रॅमडेटा’ या लपवलेल्या फोल्डरातल्या ॲडोबीच्या फोल्डरात असतो. प्रॉपर्टीजमधल्या सिक्युरिटी टॅबमध्ये ॲडमिनिस्ट्रेटर्स आणि सिस्टीम या दोघांना पूर्ण अधिकार द्या, ते आतल्या फाइलींनाही लागू करा आणि प्रोग्रॅम एकदा ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ने उघडा. परवानग्या फक्त या फोल्डरांच्या बदला. पूर्ण सी ड्राइव्ह सगळ्यांना खुला करून टाकण्याचा सल्ला कोणी दिला तर तो मानू नका.

प्रोग्रॅम आज ॲक्टिव्हेट होतो आणि उद्या पुन्हा विचारतो, हे विंडोज व्हिस्टापासून सुरू झालेल्या एका सोयीचं फळ असू शकतं. पूर्वीचे प्रोग्रॅम आपली नोंद बिनदिक्कत ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये लिहायचे. व्हिस्टाने सुरक्षेसाठी ते बंद केलं. पण जुने प्रोग्रॅम कोलमडू नयेत म्हणून विंडोज ती फाइल गुपचूप वापरणाऱ्याच्या खासगी ‘व्हर्च्युअलस्टोअर’ फोल्डरात वळवते. प्रोग्रॅमला वाटतं की आपण हव्या त्या जागी लिहिलं. नंतर तो ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवला किंवा दुसऱ्या युजरने उघडला, की तो खऱ्या जागी शोधतो आणि तिथे काहीच नसतं. उपाय सोपा आहे. इन्स्टॉल, पहिलं उघडणं आणि ॲक्टिव्हेशन, तिन्ही एकाच युजरमधून आणि ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून करा.

फ्लेक्सनेट हे नाव अनेकांनी सर्व्हिसेसच्या यादीत पाहिलं असेल. ॲडोबी सीएस३ आणि ऑटोडेस्कच्या कितीतरी आवृत्त्या याच लायसन्स व्यवस्थेवर चालायच्या. ‘या उत्पादनाचं लायसन्स काम करेनासं झालंय’ अशा अर्थाचा संदेश आला, तर आधी ही सर्व्हिस ‘डिसेबल्ड’ करून ठेवलेली नाही ना ते पाहा. कॉम्प्युटर हलका करण्याचा दावा करणारी साधनं ती बंद करून टाकतात. ‘मॅन्युअल’ असेल तर हरकत नाही, गरज पडली की ती आपोआप सुरू होते.

फ्लेक्सनेटच्या जुन्या आवृत्त्या आणखी एक गोष्ट करायच्या. लायसन्सची खूण त्या डिस्कच्या अगदी सुरुवातीच्या, एरवी रिकाम्या राहणाऱ्या सेक्टरांमध्ये, म्हणजे डिस्कच्या छोट्या कप्प्यांमध्ये, लिहायच्या. ही जागा कुठल्याच फोल्डरात दिसत नाही, म्हणून फाइली कॉपी केल्या तरी ती खूण बरोबर येत नाही. नेमकी तीच जागा ग्रब, म्हणजे लिनक्स सुरू करून देणारा छोटा प्रोग्रॅम (बूटलोडर), हाही वापरतो. दोघांची टक्कर एवढी वाढली की पुढे ग्रबमध्ये अशा खुणा ओळखून टाळण्याची सोय करावी लागली. ज्यांच्या कॉम्प्युटरवर दोन ऑपरेटिंग सिस्टीम आहेत, किंवा ज्यांनी पूर्ण डिस्क एन्क्रिप्ट केली आहे, त्यांचं जुनं लायसन्स एकाएकी नाहीसं झालं असेल तर हे कारण आठवा.

मॅकवर याच जातीची ‘१५०:३०’ ही एरर सीएस३-सीएस४ च्या काळात कुप्रसिद्ध होती. नव्या मॅकवर मायग्रेशन असिस्टंटने सगळं हलवलं की प्रोग्रॅमच्या फाइली येतात, लायसन्सची नोंद मात्र धड येत नाही. अशा वेळी पुन्हा इन्स्टॉल करणं हाच योग्य उपाय होता. म्हणून पुन्हा इन्स्टॉल करूच नका असं मी म्हणत नाही. कारण कळल्यावर करा, एवढंच.

ऑटोडेस्कच्या जुन्या आवृत्त्यांत नोंद बिघडली तर ‘प्रोग्रॅमडेटा’मधल्या फ्लेक्सनेट फोल्डरात ‘एडीएसकेफ्लेक्स’ (adskflex) या अक्षरांनी सुरू होणाऱ्या फाइली बाजूला काढून प्रोग्रॅम पुन्हा ॲक्टिव्हेट करतात. बाजूला काढून म्हणजे नाव बदलून. डिलीट करू नका. आणि त्या फोल्डरातल्या इतर फाइलींना हात लावू नका, त्या दुसऱ्या कंपन्यांच्या लायसन्सच्या असतात. एक दुरुस्त करता करता तीन बंद पाडाल. शिवाय सर्व्हर अजून कोड देतोय याची खात्री असल्याशिवाय हे करायचं नाही.

सुरूच न होणारा प्रोग्रॅम

इथे ॲक्टिव्हेशनची वेळच येत नाही. मॅकओएस कॅटालिना ७ ऑक्टोबर २०१९ ला आली आणि ३२-बिट प्रोग्रॅम पूर्ण बंद झाले. मोहावी ही ते चालवणारी शेवटची आवृत्ती. फोटोशॉप सीएस६ मॅकवर ६४-बिट आहे, मग ते का अडतं? कारण त्याचा इन्स्टॉलर आणि लायसन्सचे भाग ३२-बिट आहेत. इनडिझाइन सीएस६ तर मुळातच ३२-बिट. त्याही आधीचे, पॉवरपीसी मॅकसाठी (इंटेलच्या आधीच्या चिपच्या मॅकसाठी) बनलेले प्रोग्रॅम, उदाहरणार्थ फ्रीहँड एमएक्स, मॅकच्या २०११ च्या लायन आवृत्तीपासूनच चालत नाहीत. यातलं काहीही सेटिंग बदलून सुटत नाही. सीएस५-सीएस६ चे प्रोग्रॅम जुनं जावा ६ मागतात, तेवढं मात्र ॲपलच्या पॅकेजने सुटतं, अर्थात कॅटालिनाच्या आधीच्या सिस्टीमवर.

विंडोज या बाबतीत उदार आहे. विंडोज ११ स्वतः फक्त ६४-बिट असली तरी ३२-बिट प्रोग्रॅम चालवते. अडतात ते १६-बिट इन्स्टॉलर, जे ६४-बिट विंडोजवर चालत नाहीत, आणि डोंगल. कॉम्प्युटरच्या मागे लावायची ती छोटी किल्ली शाबूत असते, पण तिचा जुना ड्रायव्हर विंडोज नाकारते, एकतर डिजिटल सही नाही म्हणून किंवा ‘मेमरी इंटिग्रिटी’ ही विंडोजची सुरक्षेची सोय चालू आहे म्हणून. डोंगल बनवणाऱ्या कंपनीचा नवा ड्रायव्हर जुन्या किल्लीलाही बऱ्याचदा चालतो. सॉफ्टवेअरच्या डिस्कवरचा ड्रायव्हर टाकत बसण्यापेक्षा तो आधी शोधा.

बाकी सगळ्यांसाठी टिकाऊ तोडगा एकच, व्हर्च्युअल मशीन. नव्या कॉम्प्युटरच्या पोटात जुनी ऑपरेटिंग सिस्टीम चालवायची आणि तिच्यात जुनं सॉफ्टवेअर. ॲक्टिव्हेशनच्या दृष्टीने याचा मोठा फायदा असा की व्हर्च्युअल मशीनचं ‘हार्डवेअर’ बदलत नाही. खालचा कॉम्प्युटर बदलला तरी आतल्या प्रोग्रॅमला पत्ता लागत नाही. फक्त मशीन हलवताना व्हीएमवेअर विचारतं, ‘हलवलं की कॉपी केलं?’ तिथे ‘हलवलं’ हेच उत्तर द्या. ‘कॉपी’ म्हटलं की नेटवर्क कार्डचा नवा पत्ता तयार होतो आणि लायसन्स तुटतं. ॲक्टिव्हेशन झालं की आतलं इंटरनेट बंद करा, कारण त्या जुन्या सिस्टीमला सुरक्षेचे अपडेट मिळत नाहीत. इंटेल मॅकवर मोहावी अशी चालवता येते. ॲपलच्या स्वतःच्या चिपच्या मॅकवर इंटेलसाठीची मॅकओएस या पद्धतीने चालत नाही, तिथे जुना मॅक सांभाळून ठेवणंच शहाणपणाचं.

सपोर्टशी बोलताना

सर्व्हर सांगतो की ॲक्टिव्हेशनची मर्यादा संपली. बंद पडलेल्या जुन्या कॉम्प्युटरवरचं लायसन्स मोकळं करायचं राहून गेलेलं असतं, म्हणून असं होतं. सपोर्टला ती मोजणी शून्यावर आणता येते. नुसतं ‘चालत नाही’ म्हणू नका. ‘माझ्या या सिरीयल नंबरची ॲक्टिव्हेशनची मोजणी रीसेट करा’ असं नेमकं मागा. खरेदीची पावती किंवा मेल, आवृत्तीचा पूर्ण क्रमांक, एररचा आकडा आणि रिक्वेस्ट कोड समोर ठेवा. आवृत्ती जुनी आहे, नवी घ्या, असं सांगितलं गेलं तर विनाॲक्टिव्हेशन प्रत किंवा ऑफलाइन कोड लेखी मागा. आपण विकत घेतलेली वस्तू वापरता यावी, ही मागणी अवाजवी नाही.

क्रॅक (लायसन्सची तपासणी मोडणारे बदल) आणि कीजेन (खोटे सिरीयल नंबर बनवणारे प्रोग्रॅम) यांच्यापासून दूर राहा. ती मालवेअर पसरवण्याची फार जुनी वाट आहे. शिवाय ॲडोबीच्या प्रोग्रॅममधली लायसन्स तपासणारी फाइल क्रॅकने बदललेली असेल, तर खरं लायसन्सही तिच्यापुढे चालत नाही. अँटिव्हायरसने ती उडवली तर प्रोग्रॅम उघडतच नाही. कोणीतरी आधी असं करून ठेवलेल्या कॉम्प्युटरवर मात्र ॲडोबीचं क्लीनर टूल चालवून स्वच्छ इन्स्टॉल करणं हाच मार्ग, आणि तेही सर्व्हर जिवंत असल्याची खात्री करून.

अपग्रेड अजून केलेलं नसेल तर

सॉफ्टवेअर आज जुन्या सिस्टीमवर चालत असेल, तर तुमच्या हातात बरंच काही आहे. आधी पूर्ण डिस्कची इमेज, म्हणजे डिस्कची जशीच्या तशी प्रत, घ्या, नुसत्या फाइलींची कॉपी नको. लपवलेले सेक्टर इमेजमध्येच येतात. मग सर्व्हर चालू असल्याची खात्री असेल तरच ‘हेल्प’ मेनूमधून डीॲक्टिव्हेट करा. बंद पडलेल्या सर्व्हरच्या सॉफ्टवेअरला डीॲक्टिव्हेट केलंत तर ते पुन्हा कधीच ॲक्टिव्हेट होणार नाही.

त्यानंतर आपल्या कामाकडे वळा. जुना प्रोग्रॅम उघडतोय तोवर महत्त्वाच्या फाइलींची दुसऱ्या स्वरूपातली प्रत काढून ठेवा: इनडिझाइनची आयडीएमएल आणि पीडीएफ, इलस्ट्रेटरची एसव्हीजी आणि पीडीएफ, ऑटोकॅडची डीएक्सएफ, फोटोशॉपची लेयरसह टिफ. ‘पीडीएफ कंपॅटिबल’ खूण करून सेव्ह केलेल्या इलस्ट्रेटर फाइली इंकस्केपमध्ये उघडतात. पीएसडी गिंप आणि क्रिटामध्ये उघडते. कोरलड्रॉच्या जुन्या फाइली लिब्रेऑफिस ड्रॉ वाचतं, आणि फ्रीहँड व पेजमेकरच्याही वाचतं. या दोन प्रोग्रॅमच्या बाबतीत तर आज तीच सर्वांत सोपी वाट आहे. रूपांतरात फाँट, पारदर्शकता आणि मजकुराची मांडणी हलते, म्हणून प्रत्येक फाइलीबरोबर एक पीडीएफ आणि वापरलेल्या फाँटची यादी ठेवा, म्हणजे नंतर कुठे काय सरकलंय ते समोर ठेवून दुरुस्त करता येतं.